मुळा आणायचा राहिला

—नाही नाही, कडी काढूच नकोस, मी कुठे म्हणतेय काढ म्हणून? मी आपली इथे दाराशी बसते. फरशी नुसती बर्फ झालीय, गुडघे आधीच बोंबलतायत माझे, पण बसते. तू आत न्हाणीघरात, मी बाहेर. त्यांना मी सांगून आलेय की नामिएचं पोट बिघडलंय, कालचे शिंपले बाधले, जरा दम धरा. तर कुरोइवासान काय म्हणतो माहितेय? म्हणतो, 'तोकिएताई, लवकर आणा हो तिला, ऊन जाईल!' — अरे मेल्या, सगळ्या खिडक्यांना घोंगड्या ठोकून तूच भर दुपारी रात्र केलीस ना या लॉजमध्ये, आता ऊन जाईल म्हणजे कुठे जाईल? पण सवय! दिग्दर्शक झाला की माणूस उन्हाच्या नावाने रडायला लागतो. कॅमेरा लावून बसलेत सगळे. कुसाका तिकडे गादीवर बसून नखं कापतोय. कापू दे, बरंच आहे की तुझ्या दृष्टीने — नाही, हसावं म्हणून म्हटलं गं. नको हसूस.

केस विस्कटले असतील तुझे. टेकून बसू नकोस भिंतीला, ओल आहे, पाठीचा रंग जाईल, पुन्हा लावायला लागेल मला — ऐक हं, इतकी वर्षं बायकांच्या अंगाला रंग लावतेय ना, तोंडून दुसरं काही निघतच नाही. आग लागली तरी मी आधी म्हणेन, घाम पुसू नकोस, टिपून घे. बरं. दाराखालून चहा सरकवता येणार नाही, नाहीतर दिला असता. संत्रं देऊ? तेही जाणार नाही म्हणा. राहू दे.

मला माहितेय तू का आत जाऊन बसलीस. त्यांना नाही माहीत, मला माहितेय. सकाळी कुरोइवासानने शेवटचा सीन समजावला — दिराचं काम करणारा कुसाका येतो, दिवा बारीक करतो, आणि मग तुझ्या गळ्यावर हात ठेवणार. तू मान हलवलीस. मग हातातल्या कागदावर पाहिलंस, आणि मग माझ्याकडे पाहिलंस. नामिए, ते बघणं — मी संत्रं सोलत होते, हात तिथेच राहिला माझा. तू म्हणालीस, जरा जाऊन येते, आणि इथे येऊन कडी लावलीस. त्या कागदावर आपला शब्द आहे. आपला शब्द छापून आलाय, तुझ्या तोंडचं वाक्य म्हणून. आणि तुला वाटतंय म्हातारीने शब्द विकला. वाटतंय ना? बोल ना काहीतरी. शिवी दे.

मी विकला नाही. ऐक. त्याला माहीतच नाही तो आपला शब्द आहे. शप्पथ. तू तो म्हटलास की मी दिव्यांचा प्लग उपटते, तेही त्याला माहीत नाही, त्याला वाटतं मी धांदरट आहे. सगळ्यांनाच वाटतं. 'तोकिएताईला लांब बसवा, पाय अडकतो तिचा वायरीत' — सगळ्या कंपन्यांत हेच नाव झालंय माझं, आणि मी हसते, काय करणार, म्हणते वय झालं. तुझ्याआधीच्या किती पोरींसाठी पाय अडकलाय माझा, ते मी आणि त्या पोरीच जाणे. कारण आपल्या या धंद्यात 'नको' या शब्दाला किंमत आहे का सांग बरं? मिठासारखा पेरतात तो हे लेखक लोक. विधवा म्हणते नको, नर्स म्हणते नको, मास्तरीण म्हणते सोडा, जाऊ द्या. ते नसलं तर पिक्चर घेणारा शेठ म्हणतो, यात मजा नाही. मग बाई खरंच 'नको' म्हणाली तर कुसाकाला वाटतं वाक्य आलं, कॅमेरावाल्याला वाटतं वाक्य आलं, आणि कुरोइवासान ओरडतो, 'छान! अजून!' त्यातून आवाज सगळा नंतर भरायचा. इथे तू काय बोलतेस ते कुणाच्या कानात जात नाही, नुसते ओठ हलले की झालं. ती आयाको नव्हती का, ती तर गादीवर पडल्यापडल्या घरी जाताना काय काय आणायचं ते म्हणायची, तांदूळ, साबण, भावाच्या चपला — आणि पडद्यावर काय ते उसासे! रीळ महाग, म्हणून मध्ये थांबवायचंही नाही. एकदा सुरू झालं की झालं. म्हणून तर शब्द लागतो. असा शब्द की जो बापजन्मात कुठल्या बाईने अशा वेळी म्हटला नसेल. मुळा.

आणि चालला ना तो? त्या नर्सच्या पिक्चरमध्ये तुझा हात असा मागे पिरगळला त्याने, तू तीन वेळा 'दुखतंय' म्हणालीस, कुरोइवासान म्हणाला, 'चेहरा कॅमेऱ्याकडे!' मग तू म्हणालीस मुळा. एवढंसंच म्हणालीस. फट्कन दिवे गेले. अगं बाई गं, पाय अडकला! शिव्या खाल्ल्या मी, पगारातून रिळाचे पैसे कापले, पण उजेड आला तेव्हा तू ओढून चादर घेतली होतीस आणि कुसाका शुद्धीवर आला होता, 'लागलं का हो?' विचारत होता. तो माणूस म्हणून वाईट नाही, हे मी आजही म्हणेन. नवीन वर्षाला माझ्या घरी तांदळाचे वडे पाठवतो आठवणीने. पण कॅमेरा फिरायला लागला की त्याचे कान बंद होतात, आणि नुसता हात पिरगळणं वेगळं आणि गळा वेगळा. मला कळतं ते. मला काय दगड समजलीस?

—आले, आले! पाच मिनिटं! बसलीय अजून पोट धरून! — कॅमेरावाला होता. गेला. पायमोजे भोकाचे आहेत त्याचे, दाराखालून तुलाही दिसले असतील.

तर मी काय म्हणत होते, दुसरा शब्द ठरवू. त्यात काय? आत्ता ठरवू, या दारातूनच. गाजर म्हण. नको, गाजर नको, गाजर तुला ऐन वेळी आठवेल न आठवेल. तू सांग, कुठलाही, तुझ्या गावच्या स्टेशनचं नाव सांग. मी ऐकेन. मी तिथेच बसणार आहे, कागदाच्या पडद्यामागे, प्लगपाशी... फक्त एक सांगते, आज कुरोइवासानने प्लग चिकटपट्टीने बांधून घेतलाय. तीन वेढे मारलेत. 'आज तरी ताईंचा पाय अडकायला नको,' असं सगळ्यांसमोर म्हणाला, हशा झाला. मीही हसले. पण मी सकाळीच हळूच नखाने एक टोक उचकटून ठेवलंय. म्हणजे होईल. वेळ लागेल थोडा, पाय अडकला म्हणता येणार नाही, पण होईल.

कडी काढायची नाहीच तुला. बरं. बस.

पण नामिए, एक विचारू? वाक्य कसं वाटलं तुला? नाही म्हणजे, शब्दाचं सोड, वाक्य म्हणून. कारण काल मी बघितलं तुला स्टोव्हपाशी. कागद उलटा ठेवला होतास मांडीवर आणि पुटपुटत होतीस. एकदा हळू म्हटलंस, मग एकदा नुसता अर्धाच शब्द म्हणून पाहिलास, 'मु—', आणि तिथेच सोडलास, स्वतःशीच मान हलवलीस. तुला आवडलं होतं ते. काल तुला आपला शब्द आठवला नाही, काल तुला ती बाई दिसत होती. दिसत होती की नाही? ती लॉज चालवणारी, नवरा गेलेली, दिरावर जळणारी, कारण हा मेला जिवंत कसा आणि तो का नाही — आणि त्याच्याच खाली पडलीय, आणि एकदम, मध्येच, छताकडे बघत म्हणते, 'मुळा आणायचा राहिला.' झालं. एवढंच. आणि दिराचा हात थांबतो.

सालं, वाक्य चांगलंय गं. तेच तर दुखणं आहे.

तुला सांगू, मी जाते कधी कधी थेटरात. आपले पिक्चर बघायला नाही, ते तर मी इथे उघड्या डोळ्यांनी बघतेच. माणसं बघायला जाते. मागच्या रांगेत बसते, टोपी घालून. एकटी एकटी माणसं, बूट काढून बसलेली, कुणी झोपलेला, कुणी डबा खातोय, थंडीत तर सगळे संत्री सोलत असतात, वास भरून राहतो नुसता. कपडे उतरले की बघतात, आणि ते झालं की पुन्हा सोलायला लागतात. आपल्याला वाटतं उघडं अंग बघताना हात थांबत असतील. नाही! तेव्हा चालूच असतात हात. ते ठरलेलंच असतं ना, येणार हे माहीत असतं. ठराविक वेळाने एकदा कपडे उतरले पाहिजेत, बाकी जागेत काय गोष्ट सांगायची ती सांगा, एवढाच तर आपला नियम. आणि हात थांबतात ते त्या बाकीच्या जागेत. कुणीतरी दारात उभी आहे आणि आत जात नाही, असं काहीतरी. एकदा, एकदाच मी पाहिलंय, अख्खं थेटर थांबलं होतं. सालीचा आवाज नाही. खोकला नाही. कुणाच्या तरी मांडीवरून संत्रं घरंगळत गेलं, ते उचलायला कुणी वाकलं नाही. आपल्याला उघड्या अंगाचे, गुलाबी पिक्चरवाले म्हणून घरमालक जागा देत नाहीत, आणि तिथे पन्नास माणसं श्वास धरून बसली होती. मला वाटलं होतं, एकदा तरी — एकदा तरी माझ्या —

माझ्या म्हणजे आपल्या. आपल्या पिक्चरला.

मुळाच का, असं तू विचारलं होतंस पहिल्या दिवशी, आठवतं? मी हसण्यावारी नेलं. म्हटलं, वाईट नटाला मुळा म्हणतात ना आपल्यात, म्हणजे कुसाकाला शिवी दिल्यासारखंही होईल. थाप होती ती. माझा नवरा दिवेवाला होता स्टुडिओत, हे तुला माहितेय. प्लग, वायरी, सगळं त्याच्याकडूनच शिकले मी. त्या दिवशी घरी मासे भाजत होते. त्याला किसलेला मुळा लागायचा बाजूला, नाहीतर घास उतरायचा नाही. बघते तर मुळा संपलेला. मी म्हटलं, 'मुळा आण.' जरा खेकसूनच म्हटलं. आदल्या रात्रीचं काहीतरी होतं मनात, आता आठवतही नाही काय ते. तो चपला घालून गेला. कोपऱ्यावर ट्रक होता. मी इकडे मासा उलटतेय, पुन्हा उलटतेय, म्हणतेय, कुठे मुळा उपटायला गेला की काय! पोलीस दारात आला तेव्हा घरात धूर झाला होता. तो बिचारा तरणाताठा पोलीस, कसं सांगायचं कळेना त्याला, तर आधी म्हणाला काय, 'बाई, मासा जळतोय.'

तेव्हापासून हे असं आहे. बाजारात कुणी तो शब्द उच्चारला तरी माझा हात उडतो. झोपेत म्हटला तरी जाग येईल मला. म्हणून तो शब्द, नामिए. तुम्ही सगळ्या पोरी गादीवर, इकडे पंखा, तिकडे कॅमेऱ्याची घरघर, त्यात हा कुरोइवासान बेंबीच्या देठापासून ओरडत असतो — दुसरा कुठला शब्द मला ऐकू येईल की नाही याची खात्री नाही. तो येणारच. मघाशी गाजर म्हटलं ना मी? खोटं कशाला बोलू, गाजर मला ऐकू येईल की नाही, मला माहीत नाही.

आणि त्याने तो कसा उचलला विचारशील. परवा पाऊसवारा होता, शूटिंग बंद होतं, तुम्ही सगळे वर पत्ते खेळत होतात. तो एकटा खाली स्टोव्हपाशी, समोर बाटली. शेवट जमत नव्हता त्याला. म्हणाला, 'ताई, ती रडते पण का रडते ते कळत नाही. नवरा मेला एवढ्यावर कुणी रडत नाही पडद्यावर. काहीतरी बारीक लागतं, खिशातलं.' मीही दोन पेले घेतले होते. आणि मी सांगितलं. मासा, धूर, पोलीस, सगळं. त्याने पेला खाली ठेवला. माझं बोलणं ऐकताना कुणी हातातला पेला खाली ठेवलाय, असं मी जन्मात पहिल्यांदा पाहिलं. मी म्हणजे पावडरवाली, मी बोलायला लागले की लोक आरशात बघतात. त्याने पेला खाली ठेवला आणि म्हणाला, 'ताई, हे मी घेऊ?' विचारलं हं त्याने. चोरलं नाही. मी म्हटलं, घ्या.

काल सकाळी वाचून दाखवलं त्याने. मी तांदूळ धूत होते. तस्संच होतं गं. तिचं नाव वेगळं, गाव वेगळं, पण ती मी होते. बाई छताकडे बघते आणि म्हणते — आणि माझा हात थांबला तांदळात, कारण तेव्हाच लक्षात आलं माझ्या. लगेच आलं. अरे, हा तर पोरीचा शब्द. हा गेला आता, हा वाक्यात गेला. मी म्हणायचं होतं, कुरोइवासान, सलगम करा. केलं असतं त्याने! त्याला काय, मुळा काय आणि सलगम काय. एक अक्षर बोलले असते तर तू आज इथे गारठत बसली नसतीस. पण सलगम आणायला गेलेला माणूस माझा नव्हता. माझा मुळा आणायला गेला होता. आणि मला ते ऐकायचं होतं. मोठ्या पडद्यावर, कुणा चांगल्या बाईच्या तोंडून, पन्नास माणसांची संत्री थांबवून. तू चांगली आहेस. तूच म्हणायला हवं होतंस. मी तांदूळ उपसले आणि म्हटलं, छान झालंय. तोंडात मिठाची गुळणी धरून दोन दिवस फिरले. तुला आठवणार नाही, तुझ्या लक्षात येणार नाही, सीन साधाच आहे, तेव्हा तर गळ्याचंही काही नव्हतं त्यात —

हे मी तुला सांगायला आले नव्हते. तुला बाहेर काढायला पाठवलं होतं मला.

रडतेयस का? नाही रडत. पाण्याचा आवाज आहे तो. तोंड धुऊ नकोस — धू. धू, काय हवं ते कर.

ऐक, आता मी वेगळंच सांगते. न्हाणीच्या मागे कोळशाचं दार आहे. तिथून निघ. माझा कोट टांगलाय बाहेर, खिशात सुटे पैसे आहेत, बस खालच्या रस्त्याला मिळते. अंगाला रंग आहे म्हणून लाजू नकोस, कोट घट्ट गुंडाळ. कुरोइवासानला मी बघते. तो काय मला खाणार आहे? फार तर पिक्चर अडकेल. अडकू दे. विधवा न रडता संपवू दे त्याला. जा तू, नामिए. मी म्हणतेय ना, जा.

जातेस ना?

कडी — थांब, थांब, मला उठू दे, गुडघा — अगं, इकडे कुठे? मागचं दार तिकडे आहे! नामिए. बघ तरी माझ्याकडे. किमोनोचा पट्टा कसा आवळलास हा, श्वास घेता येईल का तुला, सैल करू दे — बरं, नाही लावत हात. नाही लावत. पण शब्द? शब्द कोणता घेतलास? कानात सांग. नुसते ओठ हलव, मी ओळखेन, जन्म गेला माझा बायकांचे ओठ बघण्यात. अगं, शब्दाशिवाय कशी जातेस आत? नामिए! निदान एवढं तरी —

गेली.

आले, कुरोइवासान, आले, बरी आहे ती आता. हो, मी बसते लांब. इथे पडद्यामागे बसते. नाही हो, पाय पोटाशी घेऊन बसते, हे बघा.

बसले मी, नामिए. तुला ऐकू येत नाही, पण मी बोलतेय तुझ्याशी, ओठांतल्या ओठांत. इथेच आहे. चिकटपट्टीचं टोक बोटात धरलंय. फिरला कॅमेरा. पडद्यावर सावल्या दिसतायत तुमच्या, कुसाकाची मोठी, तुझी दिसेनाशी झाली. 'नको' म्हणालीस. ते कागदावर आहे. 'सोडा मला.' तेही आहे. ओरडतोय बघ हा, डावीकडे, डावीकडे वळ... एक वेढा निघाला. कागदावर तो शब्द एकदाच आहे. मी वाचलंय, एकदाच आहे. एकदा येईल, तेव्हा मी हलायचं नाही. एकदा आला की ती बाई म्हणाली, तू नाही. दुसरा वेढा. हळू गं, हळू, आवाज होतोय याचा.

'मुळा आणायचा राहिला.'

अगं आई गं. तस्सं. तस्संच गं पोरी, खेकसून नाही, त्यानंतरचं, मासा जळाल्यानंतरचं — कुरोइवासान ओरडायचा थांबला. नुसती घरघर. थांबले सगळे. हेच हवं होतं मला, हेच. आता कुसाकाचा हात थांबायला हवा. थांबायला हवा हात. कागदावर थांबतो. थांबला का? सावलीत दिसत नाही मला. पाय हलतायत. पाय कशाला हलतायत?

'मु—'

हे नाहीये कागदावर. हे — काल म्हटलं होतंस तू असंच, स्टोव्हपाशी, अर्धं, तेच का हे? लांबवतेयस का वाक्य? चांगलं वाटतंय, फार चांगलं वाटतंय, सगळे श्वास धरून आहेत, कुरोइवासान गुडघ्यावर आलाय — नामिए, तू आहेस का ती आहे? तू आहेस की —

नाही. पाय नाही अडकला. प्लग मी हाताने काढला, हा बघा हातात आहे माझ्या. दिवा लावू नका आधी, तिला चादर घेऊ दे. ओरडा हवं तेवढं. हो, गेलं रीळ. हो, कळतंय मला काय मोडलं ते, तुमच्याआधी कळलंय. कुसाका, ऊठ, बाजूला हो. हो म्हणतेय ना.

नामिए? कुठे आहेस? हात दे. हा माझा कोट, घे अंगावर. लागलंय का? नुसती धापा टाकतेयस. ते दुसऱ्यांदा म्हणालीस ना, ते — ते तूच म्हणालीस ना? का तिचं होतं ते?

नको. सांगू नकोस. कधीच सांगू नकोस मला. बटणं लाव वरपर्यंत, बाहेर वारा आहे. जा.